दोन बारांच्या मधली वेळ

गुरुवार

मुंबई-आग्रा महामार्गाचे नंबर सरकारने कितीदा बदलले असतील, आम्हा नाशिककरांसाठी तो आग्रा रोडच. इंदूरला जायला पहाटे निघालो, धुळ्याला चहा घेतला आणि शिरपूरच्या अलीकडे तापी ओलांडली. थाळनेर इथून आत आहे. २७ फेब्रुवारी १८१८ ला इंग्रज जनरल हिस्लॉपने थाळनेरच्या किल्लेदाराला फासावर चढवलं आणि आतली शिबंदी कापून काढली. हाच हिस्लॉप दोन महिने आधी महिदपूरला होळकरांशी लढला होता. महिदपूर याच दौऱ्यात बघायचं होतं, म्हणून थाळनेर परतीसाठी राखून ठेवलं. सीमेवरचा बिजासन घाट चढून सेंधव्याला आलो की होळकरांचा किल्ला रस्त्याला जवळजवळ खेटूनच दिसतो. जेवण तिथेच, दाल-बाफले. त्यानंतर गाडी कोणी चालवायची यावर थोडा वाद झाला.

सातपूरला माझं छोटं वर्कशॉप आहे, लेथ आणि बोअरिंगची कामं. तोफखान्याची शाळा फाळणीनंतर देवळालीला आली, त्यामुळे आमच्या पिढीला सरावाच्या तोफांचा आवाज पोळ्याच्या ढोलाइतकाच ओळखीचा. तोफ आणि रायफल या दोन्ही माझ्या लेखी शेवटी नळ्याच. भोक सरळ किती, आतला पृष्ठभाग कसा, गोळी किती घट्ट बसते हे मी आपसूक बघतो. या वेळी मात्र आणखी एक गोष्ट डोक्यात होती. एक बार काढल्यावर दुसरा काढायला किती वेळ लागायचा, आणि तो वेळ कोणी कसा खाली आणला? शस्त्रांच्या गप्पांत पल्ला आणि भेदकता यांचंच कौतुक असतं. मधल्या रिकाम्या सेकंदांचा हिशोब सहसा कुणी मांडत नाही.

आत्येभाऊ इंदूरच्या रामबागेत राहतो. आम्ही त्याला दादाच म्हणतो. संध्याकाळी पोचलो तर आत्याने दारातच विचारलं, "एवढ्या लांबून बंदुका बघायला आलास? राजवाडा नाही बघायचा?" रात्री सराफ्यात गराडू. तळलेल्या कंदावर जिरावण आणि लिंबू. थंडीच्या दिवसांत इंदूरला येण्याला एवढं कारणही पुरेसं आहे.

शुक्रवार

सकाळी पोहे-जिलबी आणि मग राजवाडा. आत्याचं मन राखण्यासाठी गेलो खरा, पण तिथेही बारूद आडवी आलीच. ऑक्टोबर १८०१ मध्ये शिंद्यांच्या सर्जेराव घाटग्याने इंदूर लुटलं आणि वाडा जाळला. पुढे १९०८ आणि १९८४ मध्येही तो जळला. आज दिसतो तो बराचसा पुन्हा उभा केलेला आहे. ज्या यशवंतराव होळकरांच्या राज्यात ही लूट झाली, त्यांचा एक डोळा नेमबाजी करताना स्वतःचीच तोड्याची, म्हणजे जळत्या वातीने बार उडवायची, बंदूक फुटून गेला होता. ही हकिगत मला फार बोलकी वाटते. त्या काळी नळी फुटणं ही रोजची भीती होती. लोखंडाची पट्टी तापवून, गुंडाळून, ठोकून नळी करायची. एका ठिकाणी जोड कच्चा राहिला की बार समोरच्याऐवजी चालवणाऱ्याच्या तोंडावर.

दुपारी बिजासन रोडला सीमा सुरक्षा दलाची शस्त्रं आणि डावपेच शिकवणारी शाळा गाठली. तिथलं शस्त्रसंग्रहालय बघायचं तर आधी परवानगी काढून ठेवलेली बरी. दादाच्या ओळखीतले एक निवृत्त इन्स्पेक्टर सोबत होते, मूळचे साताऱ्याकडचे. सगळी नोकरी जवानांना हत्यारं शिकवण्यात गेली, म्हणून सगळे त्यांना उस्तादच म्हणतात. मोबाइल फाटकावर जमा झाले. त्याचा फायदाच झाला, माणूस नीट बघतो.

सुरुवात तोड्याच्या बंदुकांपासून. जळता तोडा नळीच्या कानाशी, म्हणजे दारूला आग द्यायच्या भोकाशी, टेकवायचा की बार. आपल्याकडच्या या लांब नळीच्या बंदुका नेम आणि पल्ल्यात युरोपी पलटणींच्या चापाच्या बंदुकांना भारी असायच्या. पण पावसात तोडा विझायचा, रांगेत शेजाऱ्याची दारू पेटायची आणि भरायला वेळ लागायचा. कंपनीच्या पलटणींकडची गारेची बंदूक, ब्राऊन बेस, पाऊण इंच भोकाची. शंभर यार्डांपलीकडे तिचा भरवसा नाही. पण कवायतीत तयार झालेला शिपाई मिनिटाला तीन बार काढायचा, म्हणजे दोन बारांत वीस सेकंद. नेम चुकला तरी चालेल, रांगेने एकदम झाडा, हे त्यामागचं गणित होतं.

"मग आटे कशाला काढले?" दादाने विचारलं. उस्तादांनी माझ्याकडे बोट केलं, "हे लेथवाले सांगतील."

सांगायला मजा आली. गुळगुळीत नळीतून गोल गोळी धडकत धडकत बाहेर पडते, शेवटचा धक्का ज्या बाजूचा लागेल त्या बाजूला जाते. नळीत आटे, म्हणजे पीळदार खाचा, काढल्या की गोळी फिरत निघते आणि फिरणारी वस्तू आपला आस सोडत नाही. युरोपातल्या शिकाऱ्यांना हे शतकानुशतकं माहीत होतं. मग फौजांनी ते का घेतलं नाही? कारण खाचांत बसायला गोळी घट्ट हवी, आणि घट्ट गोळी तोंडाकडून ठासत तळापर्यंत न्यायला वेळ जातो. इंग्रजांनी १८०० मध्ये बेकर रायफल घेतली ती निवडक तुकड्यांसाठीच. नेम मिळाला, पण बारांमधली वेळ वाढली.

ही कोंडी १८४९ मध्ये मिनिए या फ्रेंच अधिकाऱ्याच्या गोळीने फोडली. लांबट गोळी, बुडाशी पोकळ आणि भोकापेक्षा किंचित लहान. सैल असल्याने झटकन आत जाते. बार उडाला की वायूचा दाब पोकळीत शिरून शिशाचं बूड फाकवतो आणि ते खाचांत जाऊन बसतं. म्हणजे भरताना सैल, क्लिअरन्स फिट; सुटताना घट्ट, इंटरफिअरन्स फिट. एकाच जॉबवर दोन फिट! हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी मनातल्या मनात टोपी काढली होती.

याच तत्त्वावर १८५३ ची एन्फिल्ड आली. भोक .५७७ इंच, तीन खाचा, ७८ इंचांत एक पूर्ण फेरा. तिच्या कागदी काडतुसाला चरबी लावायचं कारणही हेच, गोळी सुळकन खाली जावी. त्या चरबीने पुढे काय पेटवलं ते शाळेत सगळेच शिकतात. वेगाच्या बाबतीत मात्र एन्फिल्ड ब्राऊन बेसच्या पुढे नव्हती, मिनिटाला दोन-तीनच बार. फरक पल्ल्याचा. शंभर यार्डांच्या बंदुकीवर धावून जाणाऱ्याला वाटेत एखाददुसरा बार झेलावा लागायचा. पाचशे यार्डांच्या बंदुकीवर धावणाऱ्याला तीन-चार मिनिटं आगीत काढावी लागतात. पल्ला वाढणं हेही शेवटी वेळ वाढणंच, फक्त या वेळी ती गोळी झाडणाऱ्याच्या पदरात पडली.

पुढची रांग भराभर पाहिली. १८६६ ची स्नायडर म्हणजे जुनी एन्फिल्डच, मागून कापून झडप बसवलेली. १८७१ ची मार्टिनी-हेन्री, खालचा दांडा ओढला की ठोकळा खाली पडतो. आता शिपायाला उभं राहून ठासणी घुसळायची गरज नाही, आडवा पडूनही भरता येतं. मिनिटाला दहा-बारा बार. पण धूर तसाच. दोन-चार बारांनंतर आपल्याच धुरात शत्रू दिसेनासा. १८८४ मध्ये व्हिएल या फ्रेंच रसायनज्ञाने धूर न करणारी दारू काढली आणि दोन वर्षांत तिच्यावर चालणारी लेबेल रायफल फ्रेंचांच्या हाती आली. इंग्रजांची .३०३ ची ली-मेटफर्ड १८८८ ची. तिच्या खाचा उथळ होत्या, काळ्या दारूसाठी केलेल्या. कॉर्डाइट ही इंग्रजांची धूर न करणारी दारू आली तसं त्या उष्णतेने खाचा धुपायला लागल्या आणि नळ्या लवकर बाद व्हायला लागल्या. मग पाच खोल खाचांची एन्फिल्ड पद्धत आली, तीच १८९५ ची ली-एन्फिल्ड. दारू सुधारली की नळी बदलावी लागते. आमच्या धंद्यात कार्बाइडची टिप आली तेव्हा जुन्या लेथवाल्यांचं असंच झालं होतं.

थ्री-नॉट-थ्रीसमोर उस्ताद थांबले. दल १ डिसेंबर १९६५ ला उभं राहिलं ते निरनिराळ्या राज्यांच्या सशस्त्र पोलीस तुकड्या एकत्र करून. आलेला प्रत्येक जण आपापलं हत्यार घेऊन आला, त्यात थ्री-नॉट-थ्री भरपूर. दलाचे पहिले प्रमुख खुस्रो रुस्तमजी आपल्या कामठीत जन्मलेले. "बोल्ट वर, मागे, पुढे, खाली," उस्ताद रिकाम्या हातांनी करून दाखवत होते. या वयातही मनगट नुसतं फिरतं. "कोपर टेकलेलंच राहिलं पाहिजे, गाल लाकडावरून उचलायचा नाही. मिनिटाला पंधरा नेमके बार बसले की पोरगा तयार." म्हणजे दोन बारांत चार सेकंद, आणि नेम धरून.

या रांगेत एक गोष्ट सहज सुटते. १८५७ नंतर हिंदी पलटणींना जी एन्फिल्ड मिळाली तिच्या खाचा काढून टाकलेल्या होत्या. भोक .६५६ पर्यंत मोठं आणि गुळगुळीत केलेलं, दूरचा नेम धरायची सोय काढून घेतलेली. गोऱ्या पलटणी मार्टिनी-हेन्रीवर गेल्या तेव्हा हिंदी पलटणींच्या हाती स्नायडर आली. कायम एक पायरी मागे. तोफखाना तर डोंगरी तोफांच्या काही बॅटऱ्या सोडल्या तर हिंदी लोकांकडून काढूनच घेतला. हिंदी जवानांच्या हाती मैदानी तोफा पुन्हा आल्या त्या १९३५ मध्ये, बंगळूरला. चांगली नळी मुद्दाम बोअर करून खराब करायची, हे काम ज्या कारागिराच्या वाट्याला आलं असेल त्याचं मला खरंच वाईट वाटलं.

शनिवार

महिदपूर. उज्जैनपर्यंत रस्ता झकास, पुढे मोहरी-गव्हाच्या शेतांतून तास-दीड तास. उज्जैनला महाकालाची रांग बघून बाहेरूनच नमस्कार केला.

तोफांसाठी कुठे जायचं असेल तर इथे. किल्ला क्षिप्रेच्या काठावर आहे. नदीपात्र या दिवसांत अरुंद, पण काठ उंच आणि घळींनी चिरलेले. २१ डिसेंबर १८१७ ला पलीकडच्या काठावर होळकरांची फौज तोफांची ओळ मांडून उभी होती. यशवंतराव सहा वर्षांपूर्वी भानपुऱ्याला वारले होते. तिथे शेवटच्या दिवसांत त्यांनी तोफा ओतण्याचा ध्यास घेतला होता. भट्ट्या पेटत्या, स्वतः उभे राहून ओतकाम करून घ्यायचे, आणि त्यातच वेड लागलं असं महिदपूरला लढलेल्या माल्कम या इंग्रज अधिकाऱ्याने लिहून ठेवलंय. मला त्यात वेडापेक्षा हिशोब जास्त दिसतो. दीगला, भरतपूरला इंग्रजांशी लढलेल्या माणसाला पुढची लढाई कशावर ठरणार ते ठाऊक होतं.

तोफा चांगल्याच होत्या. मराठ्यांच्या पितळी तोफा इंग्रजांच्या तोडीच्या होत्या, हे असईच्या लढाईनंतर तिथे जिंकलेल्या इंग्रज सेनापती वेलस्लीने खुद्द मान्य केलं होतं. हाती लागलेल्या तोफा त्याला आपल्या फौजेत वापरण्याजोग्या वाटल्या. महिदपूरलाही इंग्रजांच्या हलक्या घोडतोफा पुढे आल्या त्या होळकरी तोफांनी थोड्या वेळात गप्प केल्या.

मग हरलो कसे? दादाला वाटतं फितुरी. होळकरांचा सरदार गफूर खान लढाईतून लवकर निघून गेला असा आरोप आहेच, आणि लढाईनंतरच्या मंदसोरच्या तहात त्याला जावरा मिळालं. लढाईच्या आदल्या दिवशी, यशवंतरावांच्या मागे कारभार पाहणाऱ्या तुळसाबाईंना आपल्याच लोकांनी याच नदीकाठी मारलं होतं. गादीवर अकरा वर्षांचे मल्हारराव. हे सगळं खरंच. पण नदी पायी ओलांडायच्या उतारावर उभं राहून मी माझा हिशोब मांडला.

इंग्रजी फौज एकाच उतारातून नदी ओलांडून आली. काठ उंच असल्याने पात्रात आलेल्या माणसांना आडोसा मिळाला. तिथे रांगा लावून माल्कमच्या पलटणी वर चढल्या आणि थेट तोफांवर धावल्या. समजा अंतर पाचशे यार्ड धरलं, तर धावत्या पायदळाला तीन-साडेतीन मिनिटं. तोंडाकडून भरायच्या तोफेला प्रत्येक बारानंतर ओला पोछा मारायचा, नाहीतर आतल्या ठिणगीने नवी दारू हातातच पेटायची. मग दारू, मग छर्रे, ठासणी, आणि मागे सरकलेला गाडा पुन्हा ढकलून जागेवर. चपळ गोलंदाज मिनिटाला दोन बार काढतील. म्हणजे तोफेमागे सहा-सात बार. ते बसलेही. इंग्रजांकडचे मेलेले-जखमी मिळून पावणेआठशेच्या आसपास, आणि मद्रासच्या रायफल तुकडीची हानी मोठी. पण त्या सहा-सात बारांच्या मधल्या अर्ध्या-अर्ध्या मिनिटात तोफेला राखणारं पायदळ आणि घोडा लागतो. तो उभा राहिला नाही. गोलंदाज मात्र संगिनी अंगावर येईपर्यंत तोफांपाशी होते, हे इंग्रजांनीच लिहिलंय. साठांहून जास्त तोफा जागच्या जागी शत्रूच्या हाती पडल्या. त्या जड भांड्यांना बैल जुंपून वेळेत हलवणं शक्यच नव्हतं.

फितुरी नसती तर कदाचित तास-दोन तास जास्त लढलो असतो, असं मी दादाला म्हटलं. उज्जैनपर्यंत तो माझ्याशी बोलला नाही. उज्जैनला कचोरी खाल्ल्यावर बोलला.

रविवार

महू. इंदूरहून तासाभराचं अंतर. मंदसोरचा तह ६ जानेवारी १८१८ चा, आणि त्याच वर्षी इंग्रजांनी इथे छावणी टाकली. आधी भीम जन्मभूमीवर गेलो. बाबासाहेबांचे वडील रामजी सकपाळ फौजेत सुभेदार, फौजेच्या शाळेत शिकवणारे. १४ एप्रिल १८९१ ला बाबासाहेब इथे जन्मले आणि त्यानंतर वर्ष-दोन वर्षांतच इंग्रजांनी महारांची भरती बंद केली. ज्यांच्या आधाराने कंपनीची मुंबई फौज उभी राहिली, त्यांच्या हातातली बंदूकच काढून घेतली. महार रेजिमेंट उभी राहिली १९४१ मध्ये, बेळगावला. पाच वर्षांनी तिची मशीनगन रेजिमेंट झाली. तिच्या चिन्हावर आडव्या-तिरप्या दोन व्हिकर्स मशीनगन आहेत, आणि तिचं केंद्र आता मध्य प्रदेशातच, सागरला. नळीभोवती पाण्याची टाकी असलेली, अडीचशे गोळ्यांच्या पट्ट्यावर चालणारी ही गन मिनिटाला साडेचारशे-पाचशे गोळ्या झाडायची. आधीच्या गोळीच्या धक्क्यानेच पुढची भरली जाते. बारांमधली वेळ माणसाच्या हातातून निघून यंत्राकडे गेली. स्मारकात शाळेच्या सहलीची गर्दी होती, तरी पोरं शिस्तीत.

इन्फन्ट्री म्युझियम त्यानंतर. पायदळाचा इतिहास नीट मांडलाय, पण दृश्यं आणि पुतळे जास्त, हत्यारं उघडून बघायची सोय कमी. माझ्यासारख्याला बिजासन रोडच जास्त भावला. नेमबाजीतली लंडन ऑलिंपिकची रौप्यपदकाची कमाई करणारे विजय कुमार इथल्याच लष्करी नेमबाजी केंद्रातले, हे मात्र दादाला ठाऊक होतं आणि त्याने ते तीनदा सांगितलं.

रात्री उस्तादांना जेवायला बोलावलं होतं. आत्याने भुट्ट्याचा कीस केला होता. मी महिदपूरचा हिशोब सांगितला. ते बराच वेळ ऐकत होते. सीमा सुरक्षा दलाचा स्वतःचा तोफखाना आहे, १ ऑक्टोबर १९७१ ला उभा राहिलेला, म्हणजे युद्धाच्या दोन महिने आधी. त्यामुळे तोफांवरही त्यांचं बोलणं ऐकीव नव्हतं.

"गाडा मागे जायचा म्हणालात ना, तिथंच खरी गोम हाय," ते म्हणाले. फ्रेंचांची १८९७ ची पंच्याहत्तर मिलिमीटरची तोफ नळीखाली तेल आणि हवेचा दट्ट्या घेऊन आली. बार झाला की नळी एकटी मागे सरकते आणि परत जागेवर येते, गाडा हलत नाही. नेम पुन्हा धरायला नको. मिनिटाला पंधरा-वीस गोळे. मोठी तोफ खऱ्या अर्थाने तिथे बदलली, बाकी सगळं त्यावर चढवलेले मजले. बोफोर्सचा विषय निघाला तसं आत्यानेही पान बाजूला सरकवलं. १९८६ च्या सौद्यातल्या ४१० तोफा, १५५ मिलिमीटर. कारगिलला तोलोलिंग आणि टायगर हिलसमोर त्यांनी थेट नेम धरून मारा केला. तिचे तीन गोळे पंधरा सेकंदांच्या आत सुटतात.

"म्हणजे मधली वेळ संपलीच की," दादा म्हणाला.

"संपली नाय, जागा बदलली," उस्ताद म्हणाले. आता पहिला गोळा हवेत असतानाच शत्रूचं रडार त्याची वाट उलटी मोजून तोफ कुठे आहे ते काढतं. त्यामुळे गोळा सुटल्यापासून तुम्ही तिथून निघेपर्यंतचा वेळ मोजायचा. बोफोर्सला स्वतःचं छोटं इंजिन आहे. ट्रक यायच्या आधी ती स्वतःच चालत जागा सोडू शकते. तिच्याच आराखड्यावरून जबलपूरच्या गन कॅरेज फॅक्टरीत धनुष बनते, नळी थोडी लांब करून.

जबलपूरची नळी कशी बोअर करतात ते बघायला मिळेल का, हे मी लगेच विचारलं. उस्ताद म्हणाले, "अर्ज करून बघा." दादा म्हणाला, "जायचं असेल तर गाडी मी चालवणार." महिदपूरच्या तोफांना बैलांऐवजी इंजिन असतं तर काय झालं असतं, यावर मग रात्री साडेअकरापर्यंत भांडण चाललं आणि आत्या झोपायला निघून गेली.